कॅमेऱ्यामागे घडलेला दिग्दर्शक

गोविंद निहलानी यांचे नाव निघाले की ‘आक्रोश’, ‘अर्धसत्य’ आणि ‘तमस’ आठवतात. त्याआधीच्या दहा वर्षांची बोळवण मात्र एका वाक्यात होते: ते श्याम बेनेगल यांचे छायालेखक होते. जणू ती नुसती उमेदवारी होती आणि खरे काम 1980 नंतर सुरू झाले. ही मांडणी मला पटत नाही. निहलानींनी छायालेखन सोडून दिग्दर्शन धरले असे झालेच नाही. ते दिग्दर्शक झाले तेच कॅमेऱ्याला डोळा लावून, आणि त्या घडणीत मराठी रंगभूमीचा वाटा फार मोठा आहे.

कॅमेऱ्यामागून दिग्दर्शनाकडे जाणारी वाट आपल्याकडे जुनीच. दादासाहेब फाळके छायाचित्रण आणि छपाईच्या व्यवसायातून चित्रपटाकडे वळले. कोल्हापुरात नाटकांचे पडदे रंगवणाऱ्या बाबूराव पेंटरांनी सहकाऱ्यांना घेऊन कॅमेरा घडवला. त्यांच्याच चित्रपट कंपनीत तयार झालेल्या फत्तेलालांनी दामल्यांबरोबर 1936 साली ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला. प्रभात कंपनीचे छायालेखक केशवराव धायबर आणि कलकत्त्याचे नितीन बोस हेही पुढे दिग्दर्शक झाले. कंपन्यांचे ते दिवस सरले, धंदा नटांच्या नावावर चालू लागला आणि कॅमेरामनचे स्थान आक्रसले. त्याला मान होता, पण पटकथेच्या बैठकीत जागा नव्हती. ‘कागज के फूल’मध्ये (1959) प्रकाशाचा झोत अजरामर करणारे व्ही. के. मूर्ती जन्मभर छायालेखकच राहिले. फाळके पुरस्कार मिळवणारे ते पहिले छायालेखक. तो पुरस्कारही 2008 सालचा. निहलानी या मूर्तींचे साहाय्यक. 1940 साली कराचीत जन्म, फाळणीनंतर कुटुंबासह उदयपूरला स्थलांतर आणि मग बंगळूरच्या श्री जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये छायालेखनाचे शिक्षण. मूर्तीही त्याच संस्थेत शिकलेले. रीतीप्रमाणे निहलानींची वाट गुरूच्याच वळणाने जायला हवी होती.

तिला दुसरे वळण लागले ते 1971 साली, ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या चित्रपटामुळे. विजय तेंडुलकरांचे नाटक, सत्यदेव दुबे यांचे दिग्दर्शन, सुलभा देशपांडे यांची नायिका बेणारे आणि निहलानींचा कॅमेरा. हे नाटक जवळजवळ सगळे एका सभागृहात घडते. तिथे डोंगर, नदी, गाणे यांचा आधार नाही. एकजण आरोप करीत असताना कॅमेऱ्याने बोलणाऱ्याकडे पाहायचे की ऐकणाऱ्या बाईकडे, हा प्रश्न दर मिनिटाला सोडवावा लागतो, आणि तो दिग्दर्शनाचाच प्रश्न आहे. त्यानंतर बेनेगलांबरोबर ‘अंकुर’ (1974), ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’ आणि ‘जुनून’ (1978) आले. ‘मंथन’साठी गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये दिले, यावरून या चित्रपटांच्या खिशाची कल्पना यावी. अशा जुळणीत खरीखुरी घरे आणि हाताशी असलेला उजेड यांतूनच दृश्य उभे करावे लागते. छायालेखकाला विचारल्याशिवाय प्रसंग लिहिणेच परवडत नाही. हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर बेतलेल्या ‘भूमिका’त गतकाळ कृष्णधवल आणि वर्तमान रंगीत दिसतो. तिथे पटकथा आणि छायालेखन वेगळे काढून दाखवणे कठीण आहे. ‘जुनून’साठी निहलानींना छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

यावर कोणी म्हणेल की ‘आक्रोश’ मोठा झाला तो तेंडुलकरांच्या लेखणीमुळे. लेखणीचे ऋण आहेच, आणि ते एका माणसापुरते नाही. ‘अर्धसत्य’ची (1983) मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची, कविता दिलीप चित्रे यांची आणि रामा शेट्टी रंगवणारे सदाशिव अमरापूरकर मराठी रंगभूमीवरचे. ‘पार्टी’ (1984) महेश एलकुंचवारांच्या नाटकावरची. पण ‘आक्रोश’चा आरंभ पाहावा. बायकोच्या चितेला अग्नी द्यायला नायक लहाण्या भिकूला पोलीस बेड्या घालून आणतात. आग पेटते, तो बोलत नाही. पुढे जवळजवळ संपूर्ण चित्रपटभर तो वकिलासमोर आणि न्यायालयात तोंड उघडत नाही. नायक मुका ठेवायचे धाडस लेखकाने केले. ते पडद्यावर तगले, कारण ओम पुरींच्या चेहऱ्यावर किती वेळ थांबायचे आणि किती उजेड पडू द्यायचा हे ठरवणारा माणूस दिग्दर्शकही होता आणि छायालेखकही. संवाद काढून घेतल्यावर जे उरते त्यावर प्रसंग पेलण्याची ही सवय बेणारेचा चेहरा टिपणाऱ्या कॅमेऱ्यापासूनची आहे.

दुसरा आक्षेप जास्त जड आहे. छायालेखक दिग्दर्शक झाला की चित्रे देखणी होतात आणि माणसे हरवतात, असे म्हणतात. काहींच्या बाबतीत ते खरेही आहे. निहलानींचे सगळे चित्रपट सारख्या तोलाचे नाहीत. ‘तक्षक’ (1999) मला त्यांच्या स्वभावाबाहेरचा वाटतो. पण ‘अर्धसत्य’मध्ये देखणेपणाचा मोह कुठेही नाही. आणि भीष्म साहनींच्या कादंबरीवरील ‘तमस’ करताना त्यांनी कॅमेरा आपल्या गुरूंकडे, मूर्तींकडे सोपवला. फाळणीत घर सोडावे लागलेल्या माणसाने फाळणीवरची कलाकृती करताना आपले सर्वांत जवळचे हत्यार दुसऱ्याच्या हाती द्यावे, ही मला त्यांच्या कारकिर्दीतली सर्वांत विचारपूर्वक केलेली गोष्ट वाटते.

मराठी चित्रपटाचा इतिहास लिहिणाऱ्यांना म्हणून एक विनंती आहे. ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ची नोंद तेंडुलकर, दुबे आणि सुलभाताईंच्या नावांवर थांबवू नये. छायालेखक म्हणून गोविंद निहलानी यांचे नावही त्याच ओळीत, त्याच आकाराच्या अक्षरात लिहावे.