घर चालवणारा आवाज

आज इटलीतल्या एका गायिकेची हकिगत सांगते. जुझेप्पिना स्ट्रेप्पोनी तिचं नाव. ती ऑपेरात गायची. ऑपेरा म्हणजे आपल्या संगीत नाटकासारखाच प्रकार, पण त्यात बोलणंसुद्धा बहुतेक गाण्यातच. आणि तेव्हा माईक नव्हता. भलंमोठं थिएटर नुसत्या गळ्याच्या जोरावर भरायचं.

जुझेप्पिना १८१५ साली लोदी गावात जन्मली. वडील चर्चमध्ये ऑर्गन वाजवायचे. १८३२ मध्ये ते गेले. मागे आई आणि धाकटी भावंडं. ही थोरली, मिलानच्या संगीतशाळेत शिकत होती. १८३४ मध्ये गाण्यात पहिलं बक्षीस मिळवून ती बाहेर पडली आणि घर तिच्या गळ्यावर चालू लागलं.

मग या शहरातून त्या शहरात नुसती धावपळ. गायलं तर पैसे, नाही तर नाही. लग्न झालेलं नव्हतं, पण मुलं झाली. पोट पुढे आलं तरी ती रंगमंचावर उभी राहायची आणि बाळंतपणानंतर थोड्याच दिवसांत पुन्हा गायला लागायची. मुलं दुसऱ्यांच्या घरी वाढली. बाळंतिणीला सव्वा महिना विसावा हवा, हे आपण जाणतो. तिला तो कोण देणार?

९ मार्च १८४२ ला मिलानच्या ला स्काला थिएटरात व्हेर्दी या तरुण संगीतकाराचा ‘नाबुक्को’ पहिल्यांदा झाला. त्यातली अबिगैल्ले हिनं केली. ही भूमिका म्हणजे गळ्याची परीक्षा. खालच्या सुरातून एकदम वर झेप घ्यायची, तीही पुन्हा पुन्हा. तिचा आवाज तोवर पार थकला होता. आठ प्रयोग तिनं निभावले. त्याच वर्षी पुढच्या हंगामात ‘नाबुक्को’चे ५७ प्रयोग झाले, पण त्यांत अबिगैल्ले दुसरीच बाई गात होती. १८४६ मध्ये जुझेप्पिनानं रंगमंच सोडला. तेव्हा ती अवघी तीस वर्षांची होती.

रडत बसली नाही. पॅरिसला जाऊन गाणं शिकवू लागली. तिथंच व्हेर्दीशी सूर जुळले. त्याची पहिली बायको आणि दोन्ही लेकरं आधीच वारली होती. १८४९ मध्ये दोघं त्याच्या बुस्सेतो गावी राहायला आली. लग्नाशिवाय. गावानं तिला वाळीत टाकल्यासारखंच केलं. लोक बोलेनात. नावं मात्र तिलाच. त्याला कौतुक! शेवटी व्हेर्दीच्या पहिल्या सासऱ्यांनीही जाब विचारला, तेव्हा त्यानं पत्रातून ठणकावलं की आम्ही दोघं स्वतंत्र आहोत, कुणालाही हिशेब देणं लागत नाही.

दहा वर्षांनी, १८५९ च्या ऑगस्टमध्ये, दूर सॅव्हॉयमधल्या एका खेड्यात त्यांनी गुपचूप लग्न केलं. साक्षीदार दोनच, बग्गीवाला आणि चर्चची घंटा वाजवणारा.

१८९७ मध्ये ती गेली. त्याच सुमारास मिलानमध्ये व्हेर्दी एक मोठी इमारत बांधत होता, हाताशी काही न उरलेल्या म्हाताऱ्या गायक-वादकांसाठी. ते घर आजही चालू आहे. दोघांच्या समाध्या तिथंच आहेत.