कसब्याला वार का नाही?

शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजासमोर रविवारी सकाळी थोडा वेळ उभे राहावे. एखादा तरी वाटाड्या आपल्या घोळक्याला सांगताना ऐकू येतोच : बाजीरावांनी इथे पाया घातला आणि पुणे जन्माला आले, त्याआधी इथे पुनवडी नावाचे चार झोपड्यांचे खेडे होते. घोळका माना डोलावतो, फोटो काढतो आणि मिसळ शोधायला निघतो. गंमत अशी की ते 'खेडे' तिथून पाच-सात मिनिटांच्या वाटेवर आजही आहे. एका अंगाला मुठेचा उजवा काठ, दुसऱ्या अंगाला नागझरी, आणि मधे दाटीवाटीने बसलेली कसबा पेठ. तिकडे घोळका सहसा वळत नाही.

वाटाड्याला दोष देण्यात अर्थ नाही. तो जे बोलतो तेच शाळेच्या पुस्तकातून, दिवाळी अंकांतून आणि आमच्या घरच्या गप्पांतून दीडशे वर्षे मुरलेले आहे. म्हणून वाद त्याच्याशी नाही, मताशी आहे. आणि मत खोडायचे तर आधी ते त्याच्या पूर्ण ताकदीनिशी मांडले पाहिजे.

पूर्वपक्ष असा. १० जानेवारी १७३० रोजी शनिवारवाड्याचा पाया घातला गेला आणि २२ जानेवारी १७३२ रोजी त्याची वास्तुशांत झाली. कारभार पुण्यात स्थिरावल्यावर सरदार आले, सावकार आले, शास्त्री-पंडित आले आणि नव्या पेठा वसल्या. नानासाहेबांनी कात्रजचे पाणी नळाने गावात आणून हौद भरले. त्याच्या मागे पाहिले, तर १६३० च्या सुमारास आदिलशाहीचा सरदार मुरार जगदेव याने गाव बेचिराख केले, गाढवाचा नांगर फिरवला, पहार ठोकली. म्हणजे परंपरा तुटलेलीच होती. उरता उरला कसबा : अनेक पेठांतली एक पेठ, जुन्या वाड्यांची, सोवळ्या-ओवळ्याची, पेशवाईची पडछाया.

हा पक्ष पोकळ नाही. कात्रजच्या नळाचे श्रेय नाकारणारा माणूस त्या पाण्याशी कृतघ्न म्हणावा लागेल. अठराव्या शतकात पुणे अवाढव्य वाढले, हिंदुस्थानच्या राजकारणाचे केंद्र झाले, हे कोण नाकारतो? मी नाकारत नाही. माझी हरकत एका क्रियापदाला आहे. पेशव्यांनी पुणे 'वाढवले' म्हणा, 'नटवले' म्हणा, हवे तर 'गाजवले' म्हणा. 'वसवले' म्हणू नका.

पहिला साक्षीदार खुद्द नाव आहे. जुन्या मराठी कागदांत गावाच्या नावाआधी त्याचा दर्जा लिहीत. साध्या गावाला 'मौजे'. बाजार, पेठकरी आणि परगण्याचा कारभार असलेल्या गावाला 'कसबे'. कोथरूड मौजे होते, एरंडवणे मौजे होते. त्यांच्या जमिनींच्या कागदांवर तो शब्द आजही टिकून आहे. पुणे मात्र सतराव्या शतकाच्या कागदांतही 'कसबे पुणे' आहे. मालोजीराजांना आणि पुढे शहाजीराजांना मिळालेली जहागीर पुणे व सुपे या परगण्यांची. परगण्याला ठाणे लागते, देशमुख-देशपांडे लागतात, वसुलाचा धान्य-पैसा मोजायला माणसे लागतात. चार झोपड्यांत परगण्याचा कारभार चालतो, असे ज्यांना वाटते त्यांनी तो चालवून दाखवावा. लिहिणारे कारकून होते, कवी नव्हते. कौतुक म्हणून त्यांनी खेड्याला कसबा लिहिले नसते. त्यात वसुलाचा हिशेब चुकला असता.

दुसरा साक्षीदार आठवड्याचे वार. सोमवार, मंगळवार, बुधवार, गुरुवार, शुक्रवार, शनिवार, रविवार : सातही वार पुण्याच्या पेठांनी वाटून घेतले. कसब्याच्या वाट्याला एकही आला नाही. का? विसर पडला म्हणून? की सात संपले म्हणून? वारांची नावे मिळाली ती गावाभोवती वाढलेल्या बाजारवस्त्यांना. कसबा ही कुणाभोवती वाढलेली वस्ती नव्हती. तीच गाव होती. तिला 'पेठ' ही पुस्ती बाकीच्या पेठांच्या संगतीने चिकटली. घरातल्या थोरल्याला हाक मारताना 'दोन नंबरचा' म्हणत नाहीत, तसेच हे.

बरे, या भोवतालच्या पेठा तरी सगळ्या पेशव्यांच्या? सोमवार पेठ आधी शहापूर होती. रविवार मलकापूर. मंगळवार अष्टापूर. ज्या शनिवार पेठेत बाजीरावांनी वाडा बांधला, तिचे आधीचे नाव मुर्तुजाबाद. औरंगजेब १७०३ च्या सुमारास पुण्यात मुक्कामाला होता, तेव्हा त्याने पुण्याचे मुहियाबाद केले, आणि ते नाव पुढे बुधवार पेठेला चिकटून राहिले. पेशव्यांनी या वस्त्यांना वारांची नावे दिली, त्या भरवल्या, विस्तारल्या. पण पाटी बदलणे आणि घर बांधणे यांत फरक असतो. वाचक हो, ज्याला आपण जन्मस्थान म्हणतो त्या वाड्याची जमीनच आधी एका नाव असलेल्या पेठेत मोडत असेल, तर जन्म कुणाचा झाला?

इथे सशाची गोष्ट आठवते. सशाने कुत्र्याचा पाठलाग केला, म्हणून बाजीरावांनी ती जागा निवडली म्हणे. हीच गोष्ट अहमदाबादबद्दल सांगतात, आणखीही काही शहरांबद्दल सांगतात. हिंदुस्थानातले ससे फारच पराक्रमी होते असे दिसते. जागा निवडण्याचे खरे कारण इतके अद्भुत नाही : शेजारी चालते गाव होते, बाजार होता, बलुतेदार होते आणि उशाला नदी होती. कारभारी माणूस राजधानीसाठी ओसाड माळ निवडत नाही.

आता मुरार जगदेवाची पहार. पूर्वपक्षाचा हा सगळ्यात मोठा पुरावा, आणि माझ्या मते सगळ्यात मोठी चूक. गाव जाळले, तट पाडला, गाढवाचा नांगर फिरवला, पहार रोवून तिला फाटकी वहाण टांगली. ही परंपरेने चालत आलेली हकीकत आहे. तिचा तपशील अक्षरशः खरा धरा किंवा धरू नका. पण विचार करा, हा विधी कशासाठी करतात? कुठल्याही वाटेवरच्या वाडीवर कुणी गाढवाचा नांगर फिरवत नाही. वाडी जाळतात आणि पुढे जातात. भूमी कायमची अपवित्र झाल्याची द्वाही फिरवायची ती अशा ठिकाणी, जिथे लोक परत येतील, पुन्हा उभे राहतील, अशी शत्रूला धास्ती असते. 'पाडला' म्हणतात तो तटही असाच बोलतो. पुण्याला कोट होता, पांढरीचा कोट म्हणून. काळी म्हणजे पिकाची जमीन आणि पांढरी म्हणजे वस्तीची, हे खेड्यातल्या कुणालाही सांगावे लागत नाही. पांढरी पांढरी होते ती पिढ्यान् पिढ्यांच्या भिंती, राख आणि शेण मुरून. मुठेकाठच्या त्या उंचवट्यावर कोट बांधण्याइतकी पांढरी जमली होती.

आणि परंपरा तुटली म्हणता, तर जिजाऊसाहेब व दादोजी कोंडदेव यांनी पुढच्या काही वर्षांत काय केले? लाल महाल उभा केला. कसबा गणपतीचे मंदिर बांधले. सोन्याच्या फाळाचा नांगर फिरवला, असे हकीकत सांगते; त्या काळी १६३० च्या दुष्काळाने सगळा मुलूख उजाड होता. त्यांनी नव्या जागी नवे गाव वसवले नाही. त्याच पांढरीवर जुने गाव पुन्हा उभे केले. पाटील-कुळकर्णी तेच, वतने तीच, शिवही तीच. पुढे शायिस्ताखान आला, तो पुण्यातच तळ देऊन लाल महालात राहिला, आणि ५ एप्रिल १६६३ च्या रात्री बोटे गमावून बाहेर पडला. मोगल सुभेदार लाखाच्या घरातल्या फौजेसह तीन वर्षे जिथे दाणागोटा मिळवतो, त्या जागेला खेडे म्हणणे हा खानाचा तरी अपमान आहे. (आजचा लाल महाल महापालिकेने १९८० च्या दशकात बांधलेला आहे. मूळ वास्तू समजून त्याच्या भिंतीला हात लावणाऱ्यांचा हिरमोड करावा लागतो, पण सत्य ते सत्य.)

आणखी मागे जाता येते. पण इथे मला माझ्याच बाजूच्या उत्साही मंडळींना आवरले पाहिजे. राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याचे इ. स. ७५८ आणि ७६८ चे ताम्रपट आहेत. त्यांत 'पुण्यविषय' आणि 'पुनकविषय' असे उल्लेख येतात, आणि ७६८ च्या तळेगाव ताम्रपटात थेऊर, आळंदी अशी ओळखीची गावे दानाच्या गावाच्या चतुःसीमेत दिसतात. यावरून काही जण तेव्हा पुणे महानगर होते असे सांगू लागतात. तसे ताम्रपट म्हणत नाही. 'विषय' म्हणजे प्रांताचा एक भाग, आजच्या भाषेत तालुका-जिल्हा. एवढेच सिद्ध होते की बाराशे वर्षांपूर्वी या नावाचे एक ठाणे होते आणि भोवतालचा मुलूख त्याच्या नावाने ओळखला जात होता. नदीपलीकडचे पाताळेश्वरचे अर्धवट राहिलेले लेणे त्याच शतकातले मानतात. एवढे पुरे आहे. खरी बाजू मांडायला फुगवून सांगावे लागत नाही.

ताम्रपट दूरचा वाटत असेल, तर पायाखालची माती पाहू. कसब्यातले जुने वाडे पाडून इमारती उठू लागल्या, तेव्हा त्यांच्या पायासाठी खणलेल्या खड्ड्यांत डेक्कन कॉलेजच्या संशोधकांनी २००४ ते २००६ या काळात उतरून पाहिले. बांधकामाचे यंत्र पुढे सरकण्याआधी जेवढे हाती लागेल तेवढे नोंदवायचे, असे घाईचे काम ते. त्यांच्या हाती लागलेले खापरांचे तुकडे सातवाहन काळापर्यंत मागे जातात. सलग दोन हजार वर्षे तिथे शहर होते, असे या खापरांवरून म्हणता येणार नाही. तिथे वस्ती होती, एवढे म्हणता येते. पुण्याचा सगळ्यात जुना दफ्तरखाना असा बिल्डरच्या खड्ड्यात उघडावा, ही गोष्ट मात्र आपल्या शहराबद्दल पुष्कळ सांगून जाते.

थोरला आणि धाकटा शेख सल्ला या दर्ग्यांविषयी, आणि त्या जागी पूर्वी पुण्येश्वर व नारायणेश्वर यांची देवळे असल्याच्या परंपरेविषयी, आज बरीच तापलेली चर्चा चालते. त्या वादात मी पडत नाही. तो माझ्या मुद्द्याला लागतही नाही. देऊळ आधी धरा वा दर्गा, दोन्ही पेशव्यांच्या कित्येक शतके आधीचे. नदीकाठी देव आणि पीर यांची अशी गर्दी होते, ती माणसांची गर्दी आधी असल्यामुळे.

उरला शेवटचा आरोप, कसबा म्हणजे सोवळ्यातली पेशवाई. हा आरोप करणारा माणूस कसब्यातून चालत गेलेला नसावा. गेला असता तर त्याने आळ्यांच्या पाट्या वाचल्या असत्या. कुंभारवाडा. शिंपी आळी. भोई आळी. तांबट आळी. व्यवहार आळी. कागदीपुरा, आणि कागदी हा बहुतांशी मुसलमान कारागिरांचा समाज. यात कुठे आहे तुमची सोवळी पेशवाई? कुंभाराला काठची माती हवी आणि चाकाला पाणी हवे. कागद्याला लगदा धुवायला पाणी हवे. त्यांना नदी सोडून भागणार नव्हते. शास्त्र्यांची घरे होती, सरदारांचे वाडे होते. पण गाव उभे होते हात मळवणाऱ्यांच्या जोरावर.

तांबट आळीचा दाखला मात्र प्रामाणिकपणे द्यायला हवा, कारण तो अर्धा माझ्याविरुद्ध जातो. तांबट, म्हणजे त्वष्टा कासार, आपल्या परंपरेनुसार पेशवाईतच कोकणातून इथे आले. मान्य. पण ते येऊन बसले कुठे? नव्या मोकळ्या पेठेत नव्हे, कसब्यात, कुंभार-कागद्यांच्या शेजारी. कारागिराला शेजारही कारागिराचाच हवा असतो. आजही त्या आळीत सकाळी गेले तर लोखंडी मेखांवर आडवे धरलेले हंडे आणि त्यांवर पडणारे हातोडे दिसतात. पत्र्याचे भांडे ठोकून त्याच्या अंगावर एकसारखे चकचकीत ठसे उठवायचे, याला मठारकाम म्हणतात. स्टीलने बंब आणि घंगाळी स्वयंपाकघरातून हद्दपार केली तेव्हा हे काम संपेल असे सगळ्यांना वाटले होते. हातोडे कमी झाले, पण आवाज बंद झालेला नाही. पडछाया इतका आवाज करत नाही.

पूर्वपक्षाला उत्तराची शेवटची संधी देऊ. तो म्हणेल, हे सगळे पुस्तकी. पुणेकरांच्या मनातले पुणे मात्र पेशव्यांचेच आहे. बरे, मनाचा पुरावा घेऊ. ग्रामदैवत कोणते? कसबा गणपती. ग्रामदेवी कोणती? तांबडी जोगेश्वरी. आज तिचे देऊळ बुधवार पेठेत, ऐन गर्दीत आहे. पण ती वेशीबाहेरची देवी, गाव आत आणि ती राखण करायला बाहेर. शहर वाढत गेले आणि देवी जागची न हलता आत आली. गावाची जुनी शीव याहून स्पष्ट कोण दाखवील? १८९३ नंतर सार्वजनिक गणेशोत्सव रुजला, मिरवणुकीत पुढे कोण, हा प्रश्न पुण्यात उठायचा तसा उठला, आणि त्याचे उत्तर पुणेकरांनी स्वतःच दिले. पहिला मान कसब्याचा, दुसरा जोगेश्वरीचा. अनंत चतुर्दशीला दरवर्षी लाखो लोकांसमोर तोच क्रम लागतो, आणि या क्रमावर शनिवारवाड्याने अजून तरी हरकत घेतल्याचे ऐकिवात नाही.