अलिखित निर्बंध आणि एक अपराजित हंगाम : सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाचा फुटबॉल संघ, १९५१

सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाच्या फुटबॉल संघाने १९५१ च्या शरद ऋतूत नऊ सामने खेळले आणि ते सर्व जिंकले. तथापि हंगामाच्या अखेरीस त्याला एकाही मानाच्या सामन्याचे निमंत्रण मिळाले नाही. आणि पुढील काही आठवड्यांतच विद्यापीठाने तो संघ बंद केला. या घटनाक्रमाचे रूढ कथन असे आहे की, संघात दोन कृष्णवर्णीय खेळाडू असल्यामुळे निमंत्रण नाकारले गेले आणि निमंत्रण नाकारले गेल्यामुळे संघ संपुष्टात आला. या एका कथनात वस्तुतः दोन स्वतंत्र विधाने गुंफलेली आहेत. त्यांचे बळ सारखे नाही. म्हणून त्यांचा विचार निरनिराळा करणे अगत्याचे ठरते.

भारतात ज्याला फुटबॉल म्हणतात त्याहून हा खेळ भिन्न आहे. लंबगोल चेंडू हातात घेऊन प्रतिपक्षाच्या सीमेपलीकडे नेणे, हे त्याचे मुख्य सूत्र होय. अमेरिकेतील महाविद्यालयीन संघांचा हंगाम सप्टेंबरमध्ये सुरू होई आणि नोव्हेंबरच्या अखेरीस बहुधा संपे. त्यानंतर नववर्षाच्या सुमारास ‘बाउल’ या नावाने ओळखले जाणारे मोजके सामने होत. त्यांत प्रतिष्ठा होती आणि द्रव्यही होते. हे सामने त्या त्या नगरातील समित्या भरवीत आणि कोणाला बोलवावयाचे हे त्याच ठरवीत. पॅसाडीना येथील रोझ बाउल १९४६ च्या करारान्वये दोन विशिष्ट विद्यापीठसंघटनांसाठी राखीव झाला होता. सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठ ही जेझुइट धर्मसंघाची संस्था त्यांपैकी कोणत्याही संघटनेत नव्हती. साहजिकच तिची आशा दक्षिणेकडील सामन्यांवर होती : मायामीचा ऑरेंज, न्यू ऑर्लिन्सचा शुगर आणि जॅक्सनव्हिलचा गेटर.

जो कुहारिच यांच्या मार्गदर्शनाखाली घडलेला हा संघ सामान्य नव्हता. ऑली मॅटसनने त्या हंगामात चेंडू घेऊन १,५६६ यार्ड धाव घेतली. त्या वर्षी देशात तो पहिला होता. जिनो मार्केटी, बॉब सेंट क्लेअर आणि मॅटसन या तिघांना पुढे व्यावसायिक फुटबॉलच्या सन्मान-दालनात स्थान मिळाले. बचावफळीतील बर्ल टोलर हा त्यांच्याच तोडीचा मानला जाई. सॅन होजे स्टेटवर ३९–२ अशा विजयाने प्रारंभ झाला. न्यूयॉर्कमध्ये फोर्डॅमविरुद्ध ३२–२६ असा निसटता जय मिळाला. पॅसिफिक महाविद्यालयाचा ४७–१४ असा पराभव झाला आणि लॉयोलावरील २०–२ या विजयाने हंगामाची सांगता झाली.

मॅटसन आणि टोलर हे दोघे कृष्णवर्णीय होते. विशेष म्हणजे दोघांचाही जन्म दक्षिणेतलाच : मॅटसनचा टेक्सासमधील, टोलरचा मेम्फिसमधील. ज्या प्रदेशाचे ते मूळचे, त्याच प्रदेशातील क्रीडांगणाचे दार त्यांना बंद होते. संघातील खेळाडूंनी पुढील काळात सांगितलेल्या आठवणींनुसार, या दोघांना मागे ठेवून येण्याची तयारी असल्यास निमंत्रणाचा विचार होऊ शकेल, असे सूचित करण्यात आले होते. संघाने ते मान्य केले नाही. त्यासाठी विशेष चर्चेची आवश्यकताही कोणास वाटली नाही, असे त्यांच्यापैकी अनेकांचे सांगणे आहे.

येथे पुराव्याचा प्रश्न उपस्थित होतो. निमंत्रण पाठविले तर पत्र उरते. न पाठविलेल्या निमंत्रणाचे पत्र कोठून उरणार? त्याच ऑक्टोबरात ओक्लाहोमातील स्टिलवॉटर येथे ड्रेक विद्यापीठाच्या जॉनी ब्राइट या कृष्णवर्णीय खेळाडूचा जबडा प्रतिपक्षाच्या आघाताने मोडला. त्या प्रसंगाची छायाचित्रे प्रसिद्ध झाली आणि १९५२ मध्ये त्यांना पुलित्झर पारितोषिक मिळाले. प्रत्यक्ष आघात असा दृष्टीस पडतो. वगळणे मात्र दृष्टीस पडत नाही. शिवाय समित्यांच्या बाजूने एक आक्षेप घेण्याजोगा होता : या संघाचे प्रतिस्पर्धी दुर्बळ होते. तो सर्वस्वी निराधार म्हणता येत नाही. नऊ सामन्यांपैकी दोन लष्करी तळांवरील संघांशी झाले होते आणि सॅन होजे स्टेटशी दोनदा गाठ पडली होती.

असे असूनही पहिले विधान टिकते. त्याचा आधार केवळ आठवणींचा नाही. आधीच्या आणि नंतरच्या घटनाही त्यास पुष्टी देतात. दक्षिणी संघांशी खेळताना उत्तरेकडील विद्यापीठांनी आपले कृष्णवर्णीय खेळाडू बाहेर बसवावेत, हा संकेत कित्येक वर्षे पाळला जात होता. तो सर्वत्र सारखा कठोर नव्हता. १९४८ मध्ये डॅलसच्या कॉटन बाउलमध्ये पेन स्टेटचे दोन कृष्णवर्णीय खेळाडू खेळले होते. परंतु जानेवारी १९५६ मध्ये पिट्सबर्गचा बॉबी ग्रिअर शुगर बाउलमध्ये उतरणार, हे निश्चित होताच जॉर्जियाच्या गव्हर्नरांनी आपल्या राज्याच्या संघाला खेळू न देण्याची मागणी केली. सामना झाला, पण त्याच वर्षी लुइझिआना राज्याने मिश्रवर्णीय क्रीडास्पर्धांवर बंदी घालणारा कायदा केला. १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कायदा रद्द ठरविणारा निर्णय कायम केला. यातून एक गोष्ट स्पष्ट होते. संकेत निमूटपणे पाळला जात होता तोवर कायद्याची गरज नव्हती. तो मोडला गेला तेव्हाच तो लिहावा लागला. १९५६ चा लेख हा १९५१ च्या मौनाचा अर्थ सांगतो.

दुसऱ्या विधानाविषयी मात्र इतक्या निश्चयाने बोलता येत नाही. एका सामन्याच्या उत्पन्नाने संघ वाचला असता काय? कॅलिफोर्नियातील शेजारच्या कॅथलिक संस्थांचा वृत्तान्त येथे लक्षात घ्यावा लागतो. सेंट मेरीजने १९५० च्या हंगामानंतर फुटबॉल सोडला, लॉयोलाने १९५१ नंतर आणि सांता क्लाराने १९५२ नंतर. आक्रमण व बचाव यांसाठी स्वतंत्र फळ्या ठेवण्याची पद्धत रूढ झाल्याने खेळाडूंची संख्या व खर्च वाढला होता. मोठ्या संघटनांबाहेरील लहान संस्थांना तो भार पेलवेना. तेव्हा निमंत्रण मिळाले असते तर संघाचा अंत कदाचित लांबला असता. टळला असता असे म्हणण्यास पुरेसा आधार नाही.

ही मर्यादा मान्य केल्याने घटनेचे महत्त्व कमी होत नाही. उलट ते नेमके कोठे आहे हे कळते. खेळाडूंचा नकार हा विद्यापीठाच्या ताळेबंदाशी निगडित नव्हता. आपला संघ राहील की जाईल याचा विचार न करता त्यांनी आपल्या दोन सहकाऱ्यांना सोडण्याचे नाकारले. त्या नकारात त्यांना गमवावे लागले ते निश्चित होते आणि मिळावयाचे काहीच नव्हते.

पुढे मॅटसनने १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये दोन पदके मिळविली. टोलरच्या गुडघ्यास त्याच वर्षी दुखापत होऊन त्याची खेळाडू म्हणून कारकीर्द संपली. तो सॅन फ्रान्सिस्कोत शिक्षक व नंतर मुख्याध्यापक झाला. आणि १९६५ मध्ये राष्ट्रीय फुटबॉल लीगचा पहिला कृष्णवर्णीय पंच म्हणून नियुक्त झाला. ज्या माणसाला निमंत्रण देण्यास मैदानांचे यजमान कचरले होते, त्याच्याच निर्णयावर पुढे मैदानावरील खेळ चालू लागला. त्या हंगामाच्या नोंदीत नऊ विजय आहेत. दहावा सामना झाला नाही. इतिहासाच्या अभ्यासकाला त्या रिकाम्या रकान्याचेही वाचन करावे लागते.