दम लागतो, एक्स-रे मात्र साफ? मग फुंकण्याची चाचणी

मुंब्रा, कल्याण, डोंबिवलीतल्या आपल्या घरांत अब्बांचा खोकला ‘विडीचा’ आणि अम्मीचा दम ‘वयाचा’ म्हणून सोडून दिला जातो. एक्स-रे साफ आला की विषय संपला. पण श्वासनळ्या अरुंद झाल्यात का, हे एक्स-रेवर अनेकदा दिसत नाही. ते कळतं स्पायरोमेट्रीत.

नाकाला चिमटा लावतात. छाती भरून श्वास घ्यायचा आणि नळीत जोराने, हवा संपेपर्यंत सोडायचा. असं किमान ३ वेळा नीट जमावं लागतं. अर्धवट फुंकलं तर रिपोर्टही अर्धवटच, हे आम्ही मुद्दाम सांगतो. मग पंपाचं औषध देऊन १५-२० मिनिटांनी पुन्हा फुंकायला लावतात. तरीही पहिल्या सेकंदात बाहेर आलेली हवा एकूण हवेच्या ७० टक्क्यांहून कमी असेल, तर सीओपीडीचा संशय येतो. आकडा बराच सुधारला, तर दम्याचा. भिवंडीत यंत्रमागावर काम केलं असेल तर तेही डॉक्टरांना सांगा.

पंपाने रोजा तुटतो का, यावर उलेमांत मतभेद आहेत. म्हणून रमजानमध्ये शक्यतो इफ्तारनंतरची वेळ मागा. पण त्रास वाढला असेल तर थांबू नका. नुकताच हार्ट अटॅक, डोळ्याचं ऑपरेशन किंवा टीबी असेल तर आधी सांगा. रोजचा पंप किती तास आधी बंद ठेवायचा, हेही विचारून घ्या.