एका न लिहिलेल्या पोथीचे दप्तर

ग्रंथ आधी लिहिला जावा आणि त्याचा इतिहास मागाहून सांगितला जावा, हा वाङ्मयाच्या दुनियेतील सर्वमान्य शिरस्ता आहे. परंतु ‘नेक्रोनोमिकॉन’ नामक मंत्रतंत्राच्या पोथीच्या बाबतीत हा क्रम उलटा झाला, म्हणजे तिचा कर्ता, तिची भाषांतरे, तिच्यावरील बंदीहुकूम आणि तिच्या उरलेल्या प्रतींची ठिकाणे यांचे दप्तर यथासांग तयार झाले आणि पोथी तेवढी कोणी लिहिलीच नाही.

हे दप्तर रचणारा हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट हा भयकथाकार १८९० साली अमेरिकेतील प्रॉव्हिडन्स या शहरी जन्मला. पाचव्या वर्षी अरबी सुरस कथांनी त्याला असे झपाटले की, त्याने स्वतःस ‘अब्दुल अलहझ्रेद’ हे नाव घेतले. हे नाव अरबी व्याकरणात बसत नाही, कारण ‘अब्दुल’ या पदातच एक ‘अल’ सामावलेला असताना दुसरा त्याच्या पाठीवर बसविला आहे; पण बालपणीच्या सवंगड्याचे व्याकरण कोण तपासतो? १९२१ साली लिहिलेल्या एका कथेत हाच अब्दुल वेडा अरब कवी म्हणून अवतरला आणि पुढच्या वर्षी लिहिलेल्या ‘द हाउंड’ या कथेत त्याच्या नावावर ही पोथी चढली.

इथवर ही कथालेखकाची नेहमीची युक्ती होती. खरे कौशल्य दिसते ते १९२७ साली त्याने लिहिलेल्या आणि त्याच्या मृत्यूनंतर, १९३८ साली छापल्या गेलेल्या ‘पोथीच्या इतिहासा’त. अब्दुलाने सुमारे ७३० साली दमास्कस येथे ‘अल अझीफ’ या नावाने मूळ ग्रंथ लिहिला. ७३८ साली भर दिवसा, लोकांच्या देखत एका अदृश्य राक्षसाने त्याला गिळले. ९५० साली ग्रंथाचे ग्रीक भाषांतर झाले. १०५० साली पॅट्रिआर्क मायकेलने ते जाळले. १२२८ साली ओलाउस वर्मिअसने ते लॅटिनात उतरविले आणि चारच वर्षांत नवव्या ग्रेगरी पोपने त्यावर बंदी घातली. या यादीतील मायकेल, ग्रेगरी आणि राक्षसाच्या कथेला साक्षीदार म्हणून उभा केलेला चरित्रकार इब्न खल्लिकान ही सारी माणसे इतिहासातील अस्सल आहेत. ओलाउस वर्मिअसही अस्सलच. फक्त तो सतराव्या शतकातील डॅनिश वैद्य, आणि त्याला चारशे वर्षे मागे ओढून या कामावर नेमले आहे. आजच्या प्रतींच्या ठिकाणांतही ब्रिटिश म्युझियम, पॅरिसचे राष्ट्रीय ग्रंथालय आणि हार्वर्ड यांच्या पंगतीत मिस्कॅटोनिक नावाचे एक विद्यापीठ निमूटपणे बसविले आहे, जे पृथ्वीवर कोठेही नाही. तोतयाने खऱ्या सरदारांच्या मध्ये बैठक पटकावावी, तशातलाच हा प्रकार.

मला यातही अधिक मार्मिक वाटते ती त्याची भाषा. आपल्या बखरकारांनी फौजांचे आकडे लाखांनी आणि उदार हस्ते वाटले, म्हणून त्यांच्यावर विश्वास ठेवताना आपण कचरतो. हा गृहस्थ मात्र ‘सुमारे’, ‘बहुधा’, ‘दिसते’ अशा शब्दांनी पावलोपावली हात आखडता घेतो. सतराव्या शतकातील लॅटिन आवृत्ती ‘बहुधा’ स्पेनची, असे तो म्हणतो, आणि त्या एका ‘बहुधा’ने साऱ्या बनावावर शिक्कामोर्तब होते, कारण लबाडाला सारेच पक्के ठाऊक असते, संकोच वाटतो तो संशोधकालाच.

स्नेह्यांनी हातभार लावला. क्लार्क ॲश्टन स्मिथ, रॉबर्ट हॉवर्ड, रॉबर्ट ब्लॉक यांनी स्वतःच्या कल्पित पोथ्या निर्मून त्या परस्परांच्या कथांत पेरल्या. शिवाय लव्हक्राफ्ट पोटासाठी इतरांच्या कथा दुरुस्त करून देई, त्यांतही तो ‘नेक्रोनोमिकॉन’ सरकवून देई, त्यामुळे अनेक स्वतंत्र साक्षीदार एकच जबानी देत आहेत असा भास होई. वाचक पोथीचा पत्ता विचारू लागले, तेव्हा तो प्रांजळपणे कबूल करी की हे सारे कल्पित आहे. पोथी लिहून काढण्याच्या सूचनेला त्याचे उत्तर असे की, कोणतेही प्रत्यक्ष पुस्तक त्याविषयीच्या कुजबुजीइतके भयंकर होणार नाही. १९३७ साली तो वारला.

हा विवेक पुढे सुटला. १९७३ साली फिलाडेल्फियाहून ‘अल अझीफ’ प्रसिद्ध झाले, त्यात कोणत्याच भाषेची नसलेली लिपी होती आणि तीच ती पाने पुन्हापुन्हा छापली होती. हा निदान उघड विनोद होता. १९७७ साली ‘सायमन’ या टोपणनावाने सुमेरी देवतांची मोट बांधून निघालेल्या न्यूयॉर्कच्या आवृत्तीने मात्र गंभीर मुद्रा धारण केली, आणि बाजारात तीच चालली.

या बनावट दप्तराची चिकित्सा करणारा अव्वल संशोधक पुण्यात जन्मलेला निघावा, हा योग मराठी वाचकाला सुखावणारा आहे. सुनंद त्र्यंबक जोशी बालपणीच अमेरिकेस गेले आणि पुढे त्यांनी लव्हक्राफ्टच्या कथांचे पाठ शुद्ध केले, त्याचे बृहत् चरित्रही लिहिले. पोथीच्या ग्रीक नावाचा अर्थ लव्हक्राफ्टने ‘मृतांच्या नियमांची प्रतिमा’ असा लावला होता. जोशींनी दाखविले की, शेवटच्या प्रत्ययात प्रतिमा वगैरे काही नाही, तो केवळ विशेषण घडविणारा प्रत्यय आहे. आणि सरळ व्युत्पत्तीने त्या नावाचा अर्थ होतो, मृतांचा विचार किंवा वर्गवारी करणारे पुस्तक. म्हणजे अखेर नावातूनही निघाली ती कारकुनाची नोंदवहीच.