जोसेफ टेलर : एका इंग्लिश लोकगायकाची कहाणी

इंग्लंडच्या पूर्व भागात लिंकनशर नावाचा परगणा आहे. त्याच्या उत्तरेकडील ब्रिग या बाजारगावी १९०५ च्या एप्रिल महिन्यात जी संगीतस्पर्धा भरली तीत लोकगीतांचा एक नवा वर्ग उघडण्यात आला होता. आजवर न छापलेले असे उत्तमात उत्तम जुने लिंकनशरी गाणे जो आणील त्यास बक्षीस, असा त्याचा नियम. गाणे म्हणून दाखवावे, अथवा शिट्टीवर वाजवावे. परंतु गुण द्यावयाचे ते गाण्याच्या योग्यतेस, ते म्हणून दाखविण्याच्या कौशल्यास नव्हे, असे त्या नियमपत्रकात स्पष्ट नमूद केले होते. खेड्यापाड्यांतील वृद्धांना हे कळवून त्यांना अगत्याने घेऊन यावे, अशी विनंतीही त्यात होती.

या वर्गाचे पहिले बक्षीस जोसेफ टेलर नावाच्या बहात्तर वर्षांच्या गृहस्थास मिळाले. त्याने म्हटलेले गाणे 'क्रीपिंग जेन' नावाच्या शर्यतीच्या घोडीचे होते. गाणे चांगले होतेच. पण ज्याच्या गायनास गुण द्यावयाचे नाहीत असे आधीच ठरले होते, त्या म्हाताऱ्याचे गायन हीच त्या दिवशीची खरी मिळकत होती, हे ओळखण्यास त्या स्पर्धेच्या चालकांस आणि पुढे इंग्लंडातील लोकगीतसंशोधकांसही बराच अवधी लागला. टेलरच्या चरित्रात आम्हांस जे महत्त्वाचे वाटते ते हेच. 'लोकगीत' हा शब्द उच्चारताच आपण ज्या निनावी समूहाची कल्पना करतो, त्या समूहाच्या जागी एका विशिष्ट माणसाचा गळा, त्याची स्मृती आणि त्याची रुची उभी असते, याचा ध्वनिमुद्रित पुरावा इंग्लंडात प्रथम ठसठशीतपणे मिळाला तो या माणसापासून.

टेलरचा जन्म १८३३ साली बिनब्रुक या लिंकनशरमधील गावी झाला. त्याचे बहुतेक आयुष्य सॅक्स्बी ऑल सेंट्स या खेड्यातील जमीनदारीच्या चाकरीत गेले. प्रथम तो रानातल्या लाकूडतोडीच्या कामावर होता, पुढे त्याच मालमत्तेचा कारभारी झाला. गावच्या चर्चमध्ये सामुदायिक गायन करणाऱ्या मंडळींत तो वर्षानुवर्षे गात असे. म्हणजे जगाच्या वाऱ्यापासून दूर राहिलेला 'रानातला माणूस' असे जे चित्र लोकगीतांच्या भक्तांना प्रिय असते, त्यात तो बसत नाही. चर्चचे संगीत त्याच्या कानात होते, मालकाचा हिशेब त्याच्या हातात होता, आणि तरीही जुन्या चालींचा साठा त्याच्यापाशी अखंड होता. शब्द त्याला नेहमीच पुरते आठवत असत असे नाही. पण गाण्याचे नुसते नाव काढले की चाल मात्र तत्काळ ओठांवर येत असे.

त्याला ऐकणाऱ्यांत पर्सी ग्रेंजर हा तरुण होता. मेलबर्न येथे जन्मलेला हा पियानोवादक त्या वेळी अवघा बावीस वर्षांचा होता. लोकगीतांविषयीचे ल्यूसी ब्रॉडवुड बाईंचे व्याख्यान नुकतेच ऐकून तो त्या नादाने भारलेला होता. ब्रिगच्या स्पर्धेत लोकगीतांचा वर्ग उघडावा ही सूचनाही त्याचीच. टेलरकडून त्याने 'ब्रिग फेअर' हे गाणे टिपून घेतले. जत्रेच्या निमित्ताने प्रेयसीला भेटावयास निघालेल्या पुरुषाचे हे गीत. टेलरला त्याची दोनच कडवी येत होती. ग्रेंजरने इतर गाण्यांतून काही कडवी उसनी घेऊन ते पुरे केले, एकल गायक व गायकवृंद यांच्यासाठी त्याची रचना केली, आणि १९०६ च्या ब्रिगच्या उत्सवात गर्व्हेस एल्वेस या नामांकित गायकाने ते गायिले. पुढच्याच वर्षी ही रचना फ्रेडरिक डीलियस या संगीतकाराच्या कानी पडली व तिच्यावरून त्याने त्याच नावाची मोठी वाद्यवृंदरचना केली. १९०८ मध्ये लंडनच्या क्वीन्स हॉलमध्ये ती वाजली तेव्हा श्रोत्यांत बसलेला टेलर आपले गाणे ओळखून वाद्यांबरोबर गाऊ लागला, अशी आख्यायिका सांगतात. आख्यायिका गोड आहे, म्हणूनच तिच्यावर फारसा भार टाकू नये.

आम्हांस अधिक मोलाची वाटते ती त्यापूर्वीची, १९०६ मधील घटना. त्या वर्षी ग्रेंजर लिंकनशरमध्ये फोनोग्राफ घेऊन आला. हंगेरीत बेला विकार याने हे यंत्र दहा वर्षांपूर्वीच खेड्यांत नेले होते. पण इंग्लंडात लोकगीतांसाठी त्याचा भरपूर उपयोग करणारा ग्रेंजर हाच पहिला. मेणाच्या नळकांड्यांवर गाणे उमटवावयाचे आणि मग ते यंत्र संथ चालवून पुन्हा पुन्हा ऐकत स्वर लिहून काढावयाचे, अशी त्याची पद्धत होती. यातून जे हाती आले ते पाहून तो स्वतःही चकित झाला असावा. टेलर एकच गाणे म्हणताना दुसऱ्या कडव्यात पहिल्या कडव्याची हुबेहूब पुनरुक्ती करीत नसे. कोठे मुरकी घेई, कोठे स्वर किंचित कापवी, शब्दांच्या वजनाप्रमाणे एखादी मात्रा वाढवी वा गाळी. आणि हे सारे इतक्या सफाईने, की साध्या कानाला चाल सरळच वाटावी. आतापर्यंतचे संग्राहक कागद-पेन्सिल घेऊन बसत, कडव्यामागून कडवे ऐकत आणि अखेर एक 'शुद्ध' चाल लिहून ठेवीत. ती चाल त्या गायकाने त्या रूपात कधी गायिलेलीच नसे.

ग्रेंजरने आपले हे निरीक्षण १८९८ साली स्थापन झालेल्या लोकगीत-संस्थेच्या नियतकालिकात १९०८ च्या मे महिन्यात प्रसिद्ध केले. गायकांचे गांधार-निषाद एकाच गाण्यात कधी चढे, कधी उतरे, कधी मधलेच असतात. तेव्हा जुन्या चर्चसंगीताच्या निरनिराळ्या स्वरसप्तकांची लेबले त्यांना चिकटविणे व्यर्थ आहे, असे त्याचे प्रतिपादन होते. संस्थेच्या संपादकमंडळास ते पटले नाही. काहींना तो वृद्ध गायकांच्या स्मृतीचा वा कंठाचा दोष वाटला. इंग्लिश लोकगीतांच्या चळवळीचा धुरीण सेसिल शार्प याने ग्रेंजरला लिहिलेल्या पत्रात यंत्राविषयी नाराजी दर्शविली. खेडूत गायक यंत्रापुढे बिचकतो. शिवाय शास्त्रीय काटेकोरपणाची नोंद नको असून सामान्य श्रोत्याच्या कानावर जे पडते त्याचे कलात्मक, प्रामाणिक चित्र हवे आहे, असा त्याचा आशय होता.

शार्पचे म्हणणे अगदीच टाकाऊ आहे असे आम्ही म्हणणार नाही. ज्या पुस्तकावरून शाळेतल्या मुलांना गाणी शिकवावयाची, त्यात प्रत्येक कंपाचा तपशील घालून कसे चालेल? शार्पपुढे शाळा होती, ग्रेंजरपुढे गायक होता. परंतु शाळेच्या सोयीसाठी केलेली सुटसुटीत प्रत हीच मूळ प्रत असे पुढील दोन पिढ्या समजून चालल्या, हे नाकारता येत नाही. आपल्याकडेही जात्यावरच्या ओव्यांचे शब्द वहीत उतरविणारे पुष्कळ झाले. ओवी म्हणणारी बाई कोठे थांबते, कोठे स्वर ओढते, हे टिपणारे थोडे.

१९०८ मध्येच ग्रेंजरच्या खटपटीने ग्रामोफोन कंपनीने टेलरला लंडनला बोलावून त्याची गाणी ध्वनिमुद्रित केली व त्यांपैकी काहींच्या तबकड्या बाजारात आणल्या. इंग्लंडात पारंपरिक खेडूत गायकाच्या तबकड्या विक्रीस निघण्याचा हा पहिलाच प्रसंग मानतात. 'अस्सल शेतकरी गायकांनी गायिलेली पर्सी ग्रेंजर यांच्या संग्रहातील गाणी' अशा अर्थाची त्यांची जाहिरात होती. जमीनदारीचा कारभारी पाहणारा टेलर या वर्णनात अस्सल शेतकरी ठरला आणि गाणी संग्राहकाच्या नावे लागली. याच कंपनीने १९०२ मध्ये कलकत्त्यास गौहर जान हिचे गाणे मुद्रित केले, तेव्हा त्या मानी गायिकेने गाणे संपताच आपले नाव खणखणीत आवाजात सांगून टाकले होते. टेलर तसे काही करीत नाही. गाणे संपते आणि तो थांबतो.

त्याच्या गाण्यांत 'रफर्ड पार्क पोचर्स' हे आम्हांस सर्वांत विलक्षण वाटते. १८५१ साली नॉटिंगहॅमशरमधील रफर्ड येथील जमीनदाराच्या रानात चोरून शिकार करणाऱ्या टोळीची आणि रानाच्या राखणदारांची रात्री मारामारी झाली. तीत एक राखणदार मेला व टोळीतील काहींना समुद्रपार हद्दपारीची शिक्षा झाली. हे गाणे त्या शिकाऱ्यांच्या बाजूचे आहे. ही घटना घडली तेव्हा टेलर अठरा वर्षांचा होता. म्हणजे गाणे काही अनादि काळापासून चालत आलेले नव्हते. त्याच्या तारुण्यातील ती ताजी बातमी होती. आणि ज्याची भाकरी जमीनदाराच्या रानावर अवलंबून होती असा हा कारभारी, म्हातारपणी, राखणदारांशी झुंजणाऱ्या शिकाऱ्यांचे शौर्य गात होता. त्याच्या मनात काय होते हे त्याने कोठे सांगितलेले नाही. गाताना मात्र तो कोणत्याच ठरीव तालात मावत नाही. ते लिहून काढताना ग्रेंजरला मात्रांची संख्या पुनःपुन्हा बदलावी लागली.

टेलर १९१० मध्ये वारला. तबकड्यांचा खप बेताचाच होता. ग्रेंजर पुढे अमेरिकेस गेला आणि सत्तावीस वर्षांनी, १९३७ मध्ये, त्याने वाऱ्यावर वाजणाऱ्या वाद्यांच्या बँडसाठी 'लिंकनशर पोझी' ही सहा भागांची रचना केली. प्रत्येक भाग हा गाण्याइतकाच ते गाणाऱ्या व्यक्तीचेही चित्र असावा, असा त्याचा संकल्प होता. ज्यांनी आपल्याला गोड गाऊन दाखविले त्या लोकगायकांनाच त्याने ही रचना अर्पण केली आणि टिपणात त्यांच्याविषयी सविस्तर लिहिले. त्यांत दवाखान्यात पडलेला, जुन्या आठवणींनी गाता गाता रडू लागलेला डीन आहे, निर्धनांच्या आश्रयगृहात दिवस कंठणारा गूल्डथॉर्प आहे, आणि टेलर तर आहेच. रफर्डच्या गाण्याचा भाग सहांत सर्वांत अवघड. ग्रेंजरने त्याच्या आरंभाच्या दोन निरनिराळ्या प्रती देऊन त्यांतील कोणती घ्यावी हे वादकांवर सोपविले. जो गायक कडव्यागणिक गाणे बदलीत असे त्याच्या चित्राला ही तऱ्हा शोभते.

१९०८ च्या त्या ध्वनिमुद्रणांवरून १९७२ मध्ये टेलरच्या गाण्यांची एक दीर्घ ध्वनिमुद्रिका निघाली, आणि इंग्लंडातील तरुण गायकांनी छापील पुस्तके बाजूस ठेवून त्याच्या मुरक्या थेट त्याच्याकडून उचलल्या. ग्रेंजरच्या मेणाच्या नळकांड्यांवरील ध्वनीही २०१८ मध्ये लंडनच्या ब्रिटिश ग्रंथालयाने सर्वांसाठी खुला केला. सुईची खरखर आधी येते. मग त्या खरखरीतून वर चढत जाणारा, वयाच्या मानाने आश्चर्य वाटावे इतका उंच आणि निर्धास्त असा टेलरचा आवाज ऐकू येतो.