बॅटरी की बंदूक?
तुमच्या मुलाने २००४ साली बेसमेंटमधले दिवे घालवून ‘डूम ३’ खेळलेला आठवतो का? टेक्सासमधल्या मेस्कीट शहरातल्या इड सॉफ्टवेअरने तो त्या ऑगस्टमध्ये बाजारात आणला. गोष्ट २१४५ सालची, मंगळावरच्या तळाची. तिथे बॅटरी आणि बंदूक एकदम हातात धरता येत नसे. दिसावं तर मारता येत नाही, मारावं तर दिसत नाही! खेळणारे वैतागले, काहींनी बंदुकीला बॅटरी चिकटवणारा बदल स्वतःच तयार केला. २०१२च्या ‘बीएफजी’ आवृत्तीत कंपनीनेही बॅटरी चिलखतावर बसवून दिली. सोय झाली, पण धाक ओसरला. म्हणून आता मोठा झालेला मुलगा सुट्टीत घरी आला, की त्याच्यासोबत मूळ आवृत्तीच खेळून बघा. बघू की मारू, ही घालमेल म्हणजेच तो खेळ होता.